हप्ता तोच होता

सांगलीच्या वसंतदादा मार्केट यार्डात हळदीच्या एका आडत पेढीवर मी गेली सोळा वर्षं दिवाणजी आहे. शेतकऱ्याची पट्टी, म्हणजे विक्रीचा हिशेब, करायची, त्यानं आगाऊ घेतलेली उचल लिहायची, खरेदीदारांकडचं येणं बघायचं आणि मुदत टळली की त्यावर व्याज लावायचं, हे सगळं माझ्या हातचं. आलेले पैसे आधी व्याजात जमा करायचे, उरले तर मुद्दलात, हे मला पेढीवर पहिल्या आठवड्यातच शिकवलं होतं. हजार रुपये देऊन गेला म्हणजे माणसाचं देणं हजारानं उतरलं असं नसतं, हे मी कितीतरी जणांना वही उघडून दाखवलंय. त्यामुळं पुढं जे सांगतोय ते मला कळत नव्हतं म्हणून झालं, असं म्हणायची सोय नाही. कळत होतं. बघितलं नव्हतं.

२०१९ पर्यंत आम्ही गावभागात भाड्यानं राहायचो, तळमजल्याला. त्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलापाशी कृष्णा ५७ फुटांवर गेली. आम्ही आदल्या दिवशी मिरजेला मेहुण्याकडं गेलो होतो म्हणून माणसं कोरडी राहिली. फ्रीज, गाद्या, शिलाई मशीन, मुलीचं दप्तर, सगळं गेलं. पाणी उतरल्यावर चिखल उपसताना बायको एवढंच म्हणाली, "पुढचं घर वर घ्यायचं. लहान असूदे, पण वर." आप्पा, म्हणजे माझे वडील, काही बोलले नाहीत. ते यार्डात तोलाईदार होते. २००५ चा पूरही त्यांनी त्याच घरात बघितला होता आणि तेव्हाही आम्ही तिथंच परत राहायला गेलो होतो.

घर सापडायला दीड वर्ष गेलं. विश्रामबागच्या बाजूला, दुसरा मजला, टू बीएचके, तयार इमारत. पूर्णत्वाचा दाखला मिळालेला असल्यानं जीएसटी नव्हता. किंमत ३१ लाख. दागिने मोडून, पीएफ काढून, आप्पांची ठेव घालून साडेसहा लाखांच्या वर आम्ही उभे केले, बाकीचं बँकेकडून.

कोविडच्या काळात सरकारनं मुद्रांक शुल्कात सवलत दिली होती. ३१ मार्च २०२१ पर्यंत दस्त झाला तर दोन टक्के कमी. ३१ लाखांवर दोन टक्के म्हणजे ६२ हजार. हा आकडा डोक्यात असा बसला होता की मार्चचा सगळा महिना मी त्याच्यामागं पळालो. वकिलाकडं सर्च रिपोर्टसाठी, म्हणजे मालकीचे जुने कागद तपासून घ्यायला, चकरा, बिल्डरच्या हातापाया पडणं, दुय्यम निबंधकांच्या कार्यालयात सकाळी आठला नंबर लावणं. निम्मी सांगली तिथं उभी होती. नोंदणी फी एक टक्का, पण कमाल ३० हजार, म्हणजे तिथंही आमचा एक हजार वाचला, याचासुद्धा मला आनंद झाला होता.

ह्या घाईत बँकेच्या कागदांवर सह्या झाल्या. किती सह्या केल्या ते आठवत नाही, अंगठा दुखायला लागला होता एवढं आठवतं. सह्या घेणारे साहेब पानं उलटत होते आणि मी पेन्सिलीची फुली बघून सही करत होतो. मी त्यांना एकच प्रश्न विचारला, "हप्ता किती बसेल?" ते म्हणाले, "१९,२३३. दर ६.९० टक्के, २० वर्षं. असा दर पुन्हा मिळायचा नाही, दिवाणजी." दोघांचा पगार मिळून पंचावन्न हजारांच्या आसपास. बायको मिरजेला पॅथॉलॉजी लॅबमध्ये आहे, कर्जात तीही सहअर्जदार. एकोणीस हजार जातील, छत्तीस राहतील, भागेल. हिशेब संपला.

माझ्या सदऱ्याच्या खिशात कॅल्क्युलेटर असतो. १९,२३३ गुणिले २४० करायला किती वेळ लागतो? ४६,१५,९२०. पंचवीस लाख घेऊन शेहेचाळीस लाख सोळा हजार परत करायचे, म्हणजे एकवीस लाखांवर व्याज. ६२ हजारांसाठी महिनाभर पळणाऱ्या माणसानं हा गुणाकार केला नाही. केला असता तरी कर्ज काढलंच असतं, ही गोष्ट वेगळी. पण माहीत असून काढणं आणि माहीत नसताना काढणं यात फरक पडतो, तो पुढं कळला.

आम्ही राहायला गेलो आणि चारच महिन्यांत, जुलै २०२१ मध्ये, कृष्णेनं पुन्हा पन्नाशी ओलांडली. गावभागातल्या जुन्या शेजाऱ्यांची दोन कुटुंबं आठवडाभर आमच्या हॉलमध्ये झोपली. आप्पा बाल्कनीत खुर्ची टाकून बसले होते. त्या आठवड्यात कुणी मला घराची किंमत दुप्पट सांगितली असती तरी मी मान डोलावली असती. हे सांगायला पाहिजे, नाहीतर पुढचं वाचून वाटेल की घर घेतल्याचा पश्चात्ताप झालाय. तो नाही झाला.

त्यानंतर दोन वर्षं मी कर्जाकडं बघितलंच नाही. पाच तारखेला खात्यातून १९,२३३ जायचे. दर महिन्याला तेवढेच. बँकेचे मेसेज यायचे, इंग्रजीत, व्याजदर बदलल्याचे. लॉटरीच्या आणि पर्सनल लोनच्या मेसेजमध्ये तेही जायचे. हप्ता वाढला असता, नुसता पाचशे रुपयांनी जरी वाढला असता, तरी मी त्याच दिवशी शाखेत जाऊन उभा राहिलो असतो. हप्ता तोच होता म्हणून मी गप्प होतो.

जुलै २०२३. रिटर्न भरायची शेवटची तारीख ३१. आमचं उत्पन्न करपात्र होत नाही, पण कर्ज आहे तर रिटर्न भरलेलं असावं म्हणून मी भरतो. बँकेकडून व्याजाचा दाखला आणला आणि कर सल्लागाराकडं दिला. तो खूश. "वा दिवाणजी! व्याज १,९८,७२६. दोन लाखांची वजावट जवळजवळ पूर्ण भरली की!" माझं उत्पन्न त्या वजावटीशिवायच सवलतीत बसत होतं, म्हणजे मला त्याचा दमडीचा उपयोग नव्हता, पण तो सवयीनं खूश झाला. ज्याला वीस टक्के कर बसतो त्यानंसुद्धा शंभर रुपये व्याज देऊन वीस वाचवायचे, यात टाळ्या वाजवण्यासारखं काय असतं हे मला अजून समजलेलं नाही. असो.

माझी नजर दुसऱ्या आकड्यावर होती. मुद्दल परतफेड ३२,०७०. मागच्या वर्षीचा दाखला त्याच फाईलमध्ये होता. त्यात ६०,१७५.

कर्जाच्या खात्यात मुद्दलाचा भाग दरवर्षी वाढत जायला पाहिजे. शिल्लक उतरते, तसं व्याज उतरतं, हप्ता तोच असला की मुद्दलाला जास्त मिळतं. इथं तर निम्मं झालं होतं. पेढीवर कुणाच्या खात्यात असं दिसलं तर मी म्हटलं असतं, नोंद चुकली. मी बँकेची नोंद चुकली असंच धरून चाललो.

त्या दिवसांत हळदीचे भाव उसळले होते, यार्डात पाय ठेवायला जागा नव्हती. घरी जायला आठ वाजायचे. त्या दिवशी सगळे गेल्यावर मी पेढीच्याच संगणकावर बसलो आणि बँकेच्या अॅपवरून कर्जाचा सगळा उतारा काढला. एक्सेलमध्ये पाच रकाने केले: तारीख, शिल्लक, व्याज, हप्ता, मुद्दल. व्याज काढायला काही अवघड नाही. शिल्लक गुणिले दर, भागिले बाराशे. हप्त्यातनं ते वजा करायचं, उरेल ते मुद्दल, आणि ते शिल्लकेतनं वजा करून पुढच्या ओळीवर जायचं. ज्याला दूधवाल्याचा हिशेब ठेवता येतो त्याला हे येतं.

पहिली ओळ: पंचवीस लाखांवर ६.९० नं महिन्याचं व्याज १४,३७५. मुद्दलात गेले ४,८५८. बरोबर. मे २०२२ पर्यंत सगळं जुळत गेलं, शिल्लक २४,२९,३८७. तिथून पुढं माझं आणि बँकेचं जुळेना. मग दराचा रकाना नीट बघितला. ७.३०. ७.८०. ८.३०. ८.८०. ९.१५. ९.४०.

हे कसं झालं ते पेपरात रोज येत होतं, मी फक्त ते माझ्या घराबद्दल आहे असं समजून वाचलं नव्हतं. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या, दराची गृहकर्जं बाहेरच्या मापाला, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराला (ती बँकांना ज्या दरानं पैसे देते तो), बांधावी लागतात. आम्ही कर्ज घेतलं तेव्हा रेपो ४ टक्के होता. त्यावर बँकेचे २.९०, म्हणून ६.९०. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रिझर्व्ह बँकेनं सहा वेळा मिळून रेपो अडीच टक्के वाढवला, साडेसहावर नेला. आमचा दर तेवढाच वाढला, ९.४० झाला. साहेब म्हणाले होते तसा दर खरंच पुन्हा मिळाला नाही.

दर वाढला, हप्ता तोच ठेवला, मग फरक गेला कुठं? मुदतीत गेला. एप्रिल २०२३ ची ओळ मी तीनदा तपासली. भरले १९,२३३. व्याज १८,८६१. मुद्दलात गेले ३७२ रुपये.

३७२ रुपये. त्या महिन्यात आमच्या घराचं गॅस सिलेंडर त्याच्या तिप्पट किमतीचं होतं.

२८ हप्ते भरून झाले होते, म्हणजे २४० पैकी २१२ उरायला हवे होते. मी एक्सेलच्या ओळी खाली ओढत गेलो. दोनशे, तीनशे, चारशे. शिल्लक शून्य झाली ती ५०२ व्या ओळीला. बेचाळीस वर्षं. माझं वय तेव्हा ३८. मी ऐंशीचा होईपर्यंत. आणि त्या दरानं ५०२ हप्त्यांची बेरीज ९६,५४,९६६.

आणखी एक ओळ मी उगाच करून बघितली. दर आणखी पाव टक्का वाढला तर? ९.६५ नं महिन्याचं व्याज १९,३५० येत होतं. म्हणजे हप्त्यापेक्षा जास्त. दर महिन्याला एकोणीस हजार भरायचे आणि कर्ज वाढत जायचं. आपल्याकडं सावकाराच्या गोष्टी सांगतात त्यात याहून वेगळं काय असतं?

घरी जाऊन बायकोला सांगितलं. ती जेवण वाढत होती. म्हणाली, "म्हणजे आपण दोन वर्षं भाडंच भरलं की." आप्पा कोपऱ्यातनं म्हणाले, "आरं पन मुद्दल किती फिटलं?" त्यांना ऐकू कमी येतं, त्यांना वाटलं आम्ही फिटल्याबद्दल बोलतोय. मी आकडा सांगितला. सव्वापाच लाखांच्या वर भरून पंचवीस लाखांतले ९४ हजारसुद्धा फिटले नव्हते. त्यांनी ताटाकडं बघितलं आणि जेवत राहिले.

ऑगस्टमध्ये शाखेत गेलो तेव्हा मी भांडायच्या तयारीनं गेलो होतो. सह्या घेणारे साहेब बदलून गेले होते. त्यांच्या जागी एक मॅडम, वयानं माझ्याहून लहान. त्यांनी शांतपणे सांगितलं, "सर, सिस्टीम आपोआप मुदत वाढवते. हप्ता वाढवला की लोकांचे चेक परत जातात, तक्रारी येतात. मुदत वाढवली की कुणी येत नाही." यात लबाडी नव्हती, खरं तेच त्या बोलत होत्या. मी आलो नव्हतोच की. वयाच्या मर्यादेबाहेर कर्ज गेलं म्हणून पत्र निघायला हवं होतं, ते का निघालं नाही, याचं उत्तर त्यांच्याकडं नव्हतं.

योगायोग असा की त्याच महिन्यात, १८ ऑगस्टला, रिझर्व्ह बँकेनं नेमकं याच गोष्टीवर परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्यायचं. स्थिर दराकडं जायचा पर्याय द्यायचा. मधेच रक्कम भरू द्यायची. मुदत इतकी लांबवायची नाही की व्याजसुद्धा सुटणार नाही. आणि दर तीन महिन्यांनी एक उतारा द्यायचा, ज्यात आजवर गेलेलं व्याज, फिटलेलं मुद्दल, हप्ता आणि उरलेल्या हप्त्यांची संख्या असेल. जुन्या कर्जांना हे लागू करायला बँकांना ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत मुदत होती. म्हणजे माझ्यासारखे देशभर इतके होते की मोठ्या बँकेला कागद काढावा लागला. हे वाचून जरा बरं वाटलं, खोटं कशाला बोलू.

मॅडमसमोर बसलो असताना भिंतीवरचा फलक दिसला. गृहकर्ज ८.७० टक्क्यांपासून. मी विचारलं, "हे काय? मला ९.४० आणि नव्या माणसाला ८.७०?" रेपो तर दोघांनाही तोच. फरक होता तो वरच्या टक्क्यांचा, ज्याला ते स्प्रेड म्हणतात. माझा २.९० वर अडकलेला, नव्याला २.२०. जुना माणूस कुठं जातोय, हा व्यापारातला हिशेब मला काही नवा नाही. आमच्याकडंही नव्या खरेदीदाराला चहा आधी मिळतो. मॅडम म्हणाल्या, "अर्ज द्या, सिबिल बघून करता येईल. कन्व्हर्जन फी ५,९००." मी पुढं विचारलं नसतं तर त्यांनी सांगितलं नसतं, आणि फलक दाराच्या मागं असता तर मी विचारलं नसतं.

मधल्या काळात दुसऱ्या बँकेच्या एजंटचा फोन आला. ८.५० नं करून देतो, वर पाच लाख टॉप-अप, म्हणजे वाढीव कर्ज. मी त्याचाही हिशेब मांडला. चोवीस लाखांवर ०.२० टक्के म्हणजे महिन्याला चारशे रुपये. त्यासाठी पुन्हा प्रोसेसिंग फी, पुन्हा सर्च, पुन्हा मूल्यांकन, गहाणाची नोटीस, मुद्रांक. माझ्या अंदाजानं खर्च निघायलाच चार-पाच वर्षं गेली असती. फरक अर्ध्या टक्क्याच्या वर असता तर गेलो असतो. टॉप-अपचं नाव काढल्यावर बायकोनं फोन माझ्या हातातनं घेऊन बंद केला.

खरी चर्चा घरात झाली ती हप्ता किती करायचा यावर. ८.७० नं जुन्या मुदतीत बसायला २२,३०० च्या आसपास लागत होते. आम्ही २२,५०० धरले. म्हणजे महिन्याला ३,२६७ जास्त. ते कुठनं आणायचे? पतसंस्थेत तीन हजारांची आवर्त ठेव चालू होती, सात टक्क्यांनी. साडेनऊ टक्क्यांनी देणं डोक्यावर आणि सात टक्क्यांनी बचत, हे काही महिने शेजारी शेजारी चाललं होतं आणि मला बचतीचा अभिमान होता. ती बंद करायची ठरली. मला उत्साह आला आणि मी म्हटलं, जी एक लाख दहा हजारांची ठेव आहे तीही मोडून भरून टाकू. त्यावर बायको म्हणाली, "उद्या पूर आला, आप्पांना दवाखान्यात न्यावं लागलं, तर बँक मुद्दलातले परत देणार आहे का?" नाही देणार. ती ठेव तशीच राहिली, अजून आहे. त्यावर वर्षाला थोडं नुकसान होतं, हे मी तिला एकदा सांगितलं. "असूदे," म्हणाली.

१ सप्टेंबर २०२३ पासून दर ८.७०, हप्ता २२,५००. उरलेले हप्ते ५०२ वरनं २०७ वर आले. पुढची सगळी बेरीज साडेशहाण्णव लाखांवरनं ४६,५७,५०० वर. महिन्याला सव्वातीन हजार आणि एकदाच ५,९०० रुपये, त्याचा हा फरक. बेचाळीस वर्षं दर ९.४० वरच राहिला नसता हे मलाही कळतं, त्यामुळं पन्नास लाख वाचवले असं मी सांगत फिरत नाही. पण ५०२ हा आकडा बँकेच्याच संगणकात होता, तो काही मी बनवला नव्हता.

फाईल घरी आणली होती म्हणून बाकीचे कागदही वाचले, अडीच वर्षांनी. त्यात विम्याची पॉलिसी सापडली. एकरकमी हप्ता ६५,०००, तोही कर्जात धरलेला. म्हणजे घराला लागलेले २४,३५,०००, आणि वरचे ६५ हजार विम्याचे. "हा घ्यावाच लागतो," असं सह्यांच्या दिवशी सांगितलेलं मला पुसटसं आठवतं. घ्यावाच लागतो असा नियम नाही. ६२ हजार वाचवायला महिनाभर पळालो आणि एका सहीत ६५ हजार देऊन आलो. त्या ६५ हजारांवरही व्याज चालूच, ६.९० नं धरलं तरी महिन्याला पाचशे रुपये, वीस वर्षांत एक लाख वीस हजार. शिवाय विम्याचं संरक्षण वीस वर्षांचं आणि दरवर्षी घटत जाणारं. कर्ज बेचाळीस वर्षांचं झालं तेव्हा विमा मात्र २०४१ लाच थांबणार होता. मुळात मी विम्याच्या विरोधात नाही. साधा मुदतीचा विमा वेगळा घेतला असता तर स्वस्तही पडला असता आणि दिसलाही असता.

आता म्हणे १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाबरोबर एक मुख्य माहितीचा कागद द्यावा लागतो. फी, विमा, सगळं धरून खरा वार्षिक दर किती पडतो ते त्यात एका ठिकाणी लिहायचं, हप्त्यांच्या तक्त्यासकट. पेढीच्या मालकांच्या भाच्यानं यंदा कर्ज घेतलं, त्याचा मी बघितला. चांगला कागद आहे. त्यानंही सही करून मला विचारलं, "दिवाणजी, हप्ता ठीक आहे ना?"

२०२३ च्या दिवाळीत बायकोची भिशी लागली. ५० हजार. तिला वॉशिंग मशीन घ्यायचं होतं. मी तिला एक्सेल दाखवलं: आज मुद्दलात ५० हजार भरले की शेवटचे नऊ हप्ते जातात, नऊ गुणिले २२,५००, म्हणजे दोन लाखांच्या वर. वैयक्तिक गृहकर्ज फ्लोटिंग दराचं असेल तर मधे रक्कम भरायला बँक दंड लावू शकत नाही, बँकांना ती मनाई २०१२ पासूनच आहे. तिनं बराच वेळ आकड्यांकडं बघितलं. "नऊ महिने लवकर म्हणजे कधी?" "आपण पन्नाशी ओलांडल्यावर." "तोवर धुणं मी हातानं धुवायचं." पैसे भरले, पण मशीन पुढच्याच जानेवारीत हप्त्यावर घेतलं. त्याचं व्याज किती पडलं ते मी काढलं नाही.

पैसे भरताना एक शिकलो. अर्जावर "हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी" असं स्वच्छ लिहून द्यायचं आणि पोच घ्यायची. नाहीतर तुम्ही पोटाला चिमटा काढून भरलेल्या रकमेचा हप्ता कमी करून टाकतात, आणि सुटलेले तीन-चारशे रुपये भाजीत जातात.

यार्डातला एक मित्र मला वेड्यात काढतो. त्याचं म्हणणं, रुपयाची किंमत दरवर्षी उतरते, वीस वर्षांनंतरचे वीस हजार म्हणजे काहीच नाही, कर्ज जितकं लांबेल तितकं चांगलं, उरलेले पैसे म्युच्युअल फंडात टाक. चूक नाही त्याचं. पण तो पैसे खरंच टाकतो. आमच्याकडं उरलेले पैसे कुठं जातात हे मला माहीत आहे. म्हणून २०२४ च्या दिवाळीतही ४० हजार भरले.

२०२५ मध्ये वारं फिरलं. फेब्रुवारीत पाव, एप्रिलमध्ये पाव आणि जूनमध्ये अर्धा टक्का रेपो उतरला. आमचा दर ८.७० वरनं ७.७० वर आला. पाच तारखेला कॅलेंडरवर मुद्दलाचा आकडा लिहायची आता सवय झालीय. दुधाच्या नोंदीच्या वर, लाल पेननं. जुलै २०२५ चा ८,४८९. दोन वर्षांपूर्वीच्या जुलैचा ३८१ होता. उरलेले हप्ते १५३.

आणि जुलैच्या पहिल्याच आठवड्यात मेसेज आला. हे मेसेज मी आता चष्मा लावून वाचतो. दर उतरल्यामुळं तुमचा हप्ता २२,५०० ऐवजी २१,८७१ करण्यात येत आहे, मुदत १६० हप्ते. दर वाढला होता तेव्हा हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली, आता दर उतरला तर मुदत तीच ठेवून हप्ता कमी. बायकोला वाचून दाखवलं. ६२९ रुपये. ती म्हणाली, "असूदेत की या वेळी, मुलीचा क्लास सुरू होतोय." मी म्हटलं, सात हप्ते वाढतात. ती काही बोलली नाही, आणि मलाही दोन दिवस ते ६२९ डोळ्यांसमोर दिसत होते.

सोमवारी पेढी उघडायच्या आधी शाखेत गेलो. यंदा तिसरी खेप. मॅडमनी मान वर केली, खणातनं कोरा अर्ज काढून पुढं सरकवला आणि म्हणाल्या, "तोच ना, दिवाणजी?"